फोर्स झेड : सिंगापूरला गेलेल्या दोन युद्धनौकांचे प्रकरण

१० डिसेंबर १९४१. मलायाच्या पूर्व किनाऱ्यावर, कुआंतानसमोरच्या समुद्रात, जपानी विमानांनी सुमारे दोन तासांत दोन मोठ्या ब्रिटिश युद्धनौका बुडवल्या. ‘फोर्स झेड’ हे या नौकांच्या ताफ्याचे नाव. ‘प्रिन्स ऑफ वेल्स’ त्याच वर्षी आरमारात दाखल झालेली होती, ‘रिपल्स’ पहिल्या महायुद्धातली होती. ८४० माणसे गेली. खुल्या समुद्रात वेगाने चालणाऱ्या, वळणे घेणाऱ्या आणि तोफा डागणाऱ्या मोठ्या युद्धनौका फक्त विमानांनी बुडवल्या, असे त्याआधी कधी झाले नव्हते.

बॅटलशिपचे, म्हणजे जाड चिलखत आणि अवजड तोफा असलेल्या मोठ्या युद्धनौकांचे, युग संपले ते या दिवशी, असे सगळीकडे सांगितले जाते. ते बरोबर आहे, पण तेवढ्यावर थांबले की या प्रकरणातला सर्वात शिकण्यासारखा भाग हातातून निसटतो. या नौका धाक बसवण्यासाठी पाठवल्या होत्या. ८ डिसेंबरला जपानने हल्ला केला आणि ते काम तिथेच फसले. पुढच्या ४४ तासांत त्याच नौका एका अगदी वेगळ्या कामाला लागल्या, आणि या नव्या कामाला हे बळ पुरेल का, याचा हिशेब लंडनमध्येही वेळेवर झाला नाही आणि सिंगापूरमध्येही पुरा झाला नाही. निर्णय घेणारी माणसे अनुभवी होती, त्यांच्या प्रत्येक पावलाला काहीतरी कारण होते. म्हणूनच ही पावले एकेक करून तपासायला हवीत.

पार्श्वभूमी

ब्रिटिश आरमाराची ताकद शेकडो वर्षे एकाच हिशेबाने मोजली गेली : एका रांगेत उभे राहून शत्रूशी तोफांनी झुंजतील अशी मोठी जहाजे किती? शिडांच्या काळात त्यातली काही मुंबईत बांधली गेली. वाडिया घराण्याने मुंबईच्या गोदीत मलबारी सागवानातून घडवलेली ‘एशिया’ १८२४ साली पाण्यात उतरली आणि १८२७ मध्ये नावारिनोच्या लढाईत ब्रिटिश नौसेनापतीचे निशाण तिच्यावर होते. पुढे लाकडाच्या जागी लोखंड आणि पोलाद आले, शिडांच्या जागी वाफ आली, मोजमाप मात्र तेच राहिले. १८८९ च्या कायद्याने तर ते धोरणच बनले. ब्रिटनचे आरमार जगातल्या पुढच्या दोन आरमारांच्या बरोबरीचे असलेच पाहिजे, असे ठरले.

१९०६ मध्ये ॲडमिरल फिशर यांच्या आग्रहातून ‘ड्रेडनॉट’ आली. दहा १२ इंची तोफा, टर्बाइनची इंजिने, २१ नॉटचा वेग. पोर्ट्समथच्या गोदीत कामाला सुरुवात झाल्यापासून सव्वा वर्षाच्या आत ती सेवेत होती. तिने जगातल्या सगळ्या जुन्या बॅटलशिप एका फटक्यात मागे टाकल्या, आणि त्यात सर्वाधिक जुन्या नौका ब्रिटनच्याच होत्या. मग जर्मनीशी शर्यत लागली. १९१६ मध्ये जटलंडच्या लढाईत ब्रिटनच्या ताफ्यात २८ ड्रेडनॉट-धाटणीच्या बॅटलशिप होत्या. तेवढा ताफा ब्रिटनने पुन्हा कधी एका लढाईत उतरवला नाही.

उतार शत्रूमुळे सुरू झाला नाही, पैशामुळे सुरू झाला. १९२२ च्या वॉशिंग्टन कराराने ब्रिटन, अमेरिका आणि जपान यांच्या मोठ्या नौकांचे प्रमाण ५:५:३ ठरले, दहा वर्षे नव्या बांधणीला जवळजवळ सुट्टी मिळाली आणि बॅटलशिपला ३५,००० टनांची मर्यादा आली. ‘प्रिन्स ऑफ वेल्स’चा आराखडा याच मर्यादांमधला होता. तिच्या दहा तोफा १४ इंची होत्या, कारण १९३६ च्या लंडन करारात तोच आकडा धरला होता. या सगळ्या वर्षांत आरमाराची विमाने हवाई दलाच्या ताब्यात होती. आरमाराला आपला हवाई विभाग पूर्णपणे परत मिळाला तो मे १९३९ मध्ये, म्हणजे युद्धाच्या चार महिने आधी. विमान आणि जहाज यांना एकत्र कसे वापरायचे, हे शिकायला मिळालेला वेळ इतका थोडा होता.

तरीही इशारे कमी नव्हते, आणि त्यातले दोन खुद्द ब्रिटिशांनीच दिले होते. नोव्हेंबर १९४० मध्ये विमानवाहू नौका ‘इलस्ट्रियस’वरून उडालेल्या २१ स्वोर्डफिश विमानांनी तारांतो बंदरात तीन इटालियन बॅटलशिप निकामी केल्या. मे १९४१ मध्ये ‘आर्क रॉयल’च्या तशाच जुनाट दुपंखी विमानांच्या पाणतीराने (पाण्याखालून जाणाऱ्या टॉर्पेडोने) जर्मन बॅटलशिप ‘बिस्मार्क’चे सुकाणू अडकले आणि ती ब्रिटिश तोफांच्या तोंडी सापडली. पण तारांतोतल्या नौका नांगरलेल्या होत्या आणि ‘बिस्मार्क’ शेवटी तोफा-पाणतीरांनीच बुडाली. त्यामुळे पूर्ण वेगाने जाणारी, विमानविरोधी तोफा चालू असलेली नवी बॅटलशिप विमानांना पुरून उरेल, असे मानायला जागा शिल्लक होती. ‘प्रिन्स ऑफ वेल्स’ स्वतः ‘बिस्मार्क’शी झुंजली होती. तेव्हा तिच्या तोफांच्या बुरुजांत बिघाड दुरुस्त करणारे कारखान्यातले कामगारही होते, इतकी ती नवी होती.

अडचण

दोन महायुद्धांच्या मधल्या काळात ब्रिटनने ऑस्ट्रेलिया आणि न्यूझीलंडला एक वचन दिले होते : पूर्वेत संकट आले तर मुख्य ताफा सिंगापूरला येईल. त्यासाठी सिंगापूर बेटाच्या उत्तर टोकाला मोठा नाविक तळ बांधला आणि १९३८ मध्ये त्याचे उद्घाटन झाले. गोदी तयार होती. तिच्यात येऊन उभा राहील असा ताफा नव्हता.

१९३९ मध्ये ब्रिटनकडे अशा मोठ्या नौका होत्या १५. ‘रॉयल ओक’ त्याच वर्षी गेली, ‘हूड’ मे १९४१ मध्ये. २५ नोव्हेंबरला ‘बारहॅम’ भूमध्य समुद्रात पाणबुडीने बुडवली. काही नौका दुरुस्तीला होत्या. जर्मनीची ‘टिरपिट्झ’ नॉर्वेच्या बाजूने कधीही बाहेर पडेल, ही धास्ती होती. जुलै १९४१ मध्ये जपानने दक्षिण इंडोचायना ताब्यात घेतला आणि सैगॉनच्या परिसरातले विमानतळ त्याच्या हाती आले. तिथून मलायाचा उत्तर किनारा विमानाच्या सहज टप्प्यात होता.

म्हणजे वचन पाळायचे तर पुरेसा ताफा नाही, आणि वचन मोडले तर साम्राज्यातल्या दोन देशांचा विश्वास जातो. त्यांचे सैनिक त्या वेळी उत्तर आफ्रिकेत ब्रिटनसाठी लढत होते.

लंडनमध्ये तोलले गेलेले पर्याय

ऑक्टोबर १९४१ मध्ये संरक्षण समितीसमोर दोन विचार होते.

आरमाराचे प्रमुख ॲडमिरल डडली पाउंड यांना जुन्या, संथ पण संख्येने जास्त नौका हिंदी महासागरात जमवायच्या होत्या. ‘नेल्सन’, ‘रॉडनी’ आणि ‘आर’ वर्गातल्या चार बॅटलशिपचा ताफा सिलोनला (आजच्या श्रीलंकेत) तळ ठेवून राहील, व्यापारी मार्ग राखेल आणि १९४२ च्या सुरुवातीपर्यंत हळूहळू वाढेल, अशी ही योजना होती. सिंगापूरला लगेच जायचे नाही.

पंतप्रधान चर्चिल यांना थोड्या पण वेगवान, नव्या नौका लगेच हव्या होत्या. त्यांचा युक्तिवाद ‘टिरपिट्झ’वरून आलेला होता. ती एकटी नौका बंदरात बसून ब्रिटनच्या दोन-तीन नौका अडकवून ठेवत होती. मग आपली एक आधुनिक नौका पूर्वेच्या समुद्रात तसाच धाक का बसवणार नाही? परराष्ट्रमंत्री ईडन यांनाही हे पटले, कारण त्यांना जपानशी बोलताना हातात काहीतरी दाखवायला हवे होते.

माझ्या मते खरी चूक या युक्तिवादाच्या मुळाशी आहे. ‘टिरपिट्झ’चा धाक ब्रिटनला वाटत होता, कारण ब्रिटनचे सगळे जीवन समुद्रावरून येणाऱ्या व्यापारी जहाजांवर अवलंबून होते आणि ती केव्हाही त्यांच्यात घुसू शकत होती. जपानकडे दहा बॅटलशिप होत्या, त्याहून महत्त्वाचे म्हणजे मोठ्या विमानवाहू नौकांचा ताफा होता. सैगॉनच्या विमानतळांवर दूर पल्ल्याची बॉम्बफेकी विमाने होती. अशा शत्रूला दोन नौकांचा धाक वाटण्याचे कारण फारसे नव्हते.

तिसरा पर्यायही होता, पण तो या दोघांच्या शेजारी ठेवून कोणी तपासला नाही : मलायाला जहाजांऐवजी विमाने देणे. मलायाच्या संरक्षणाला ३३६ आधुनिक विमाने लागतील, असा अंदाज लंडनच्याच सेनाप्रमुखांनी मान्य केला होता. डिसेंबरमध्ये तिथे होती दीडशेच्या आसपास, आणि त्यातली लढाऊ विमाने म्हणजे अमेरिकी बनावटीची ‘बफेलो’. हरिकेन ही ब्रिटिश लढाऊ विमाने त्या शरद ऋतूत रशियाला जात होती. रशिया टिकणे जास्त महत्त्वाचे होते, हे मला मान्य आहे. पण हवेतली ही तूट जहाज पाठवून भरून निघणार नव्हती, आणि नौकांचा निर्णय घेताना ती तूट हिशेबात धरली गेली नाही.

२० ऑक्टोबरला तडजोड झाली. ‘प्रिन्स ऑफ वेल्स’ने केप टाउनपर्यंत जावे, पुढचे तिथे पोहोचल्यावर ठरवावे. पाउंड यांनी विरोध पूर्णपणे सोडला नाही, तो पुढे ढकलला.

प्रवास, आणि न झालेला फेरविचार

२५ ऑक्टोबरला नौका क्लाइडमधून निघाली. तिच्यावर या ताफ्याचे प्रमुख ॲडमिरल सर टॉम फिलिप्स होते. ते हुशार होते, कष्टाळू होते, पण युद्ध सुरू झाल्यापासून लंडनच्या मुख्यालयात होते. विमानांच्या हल्ल्याखाली जहाज चालवण्याचा अनुभव भूमध्य समुद्रातल्या अधिकाऱ्यांना रोज येत होता, फिलिप्स यांना आला नव्हता. ३ नोव्हेंबरला नवी विमानवाहू नौका ‘इंडोमिटेबल’ जमैकाजवळ उथळ पाण्यात रुतली आणि दुरुस्तीला गेली. तिला पूर्वेकडे पाठवण्याचा विचार होता. आता ती येणार नव्हती, आणि तिच्या जागी काय, हा प्रश्नही कोणी पुढे नेला नाही.

१६ नोव्हेंबरला नौका केप टाउनला पोहोचली. ठरल्याप्रमाणे इथे फेरविचार व्हायचा होता. तो झाला नाही, नौका दोन दिवसांनी पुढे निघाली. दक्षिण आफ्रिकेचे पंतप्रधान स्मट्स यांनी फिलिप्स यांची भेट घेतल्यावर चर्चिल यांना तार केली : एक ताफा सिंगापूरला आणि दुसरा हवाईला, दोन्ही जपानी आरमाराहून दुबळे, आणि जपानी चपळ असतील तर पहिल्या दर्जाचे संकट ओढवू शकते. ही तार पोहोचली, वाचली गेली, आणि तिच्यामुळे काहीच बदलले नाही.

‘रिपल्स’ हिंदी महासागरातच होती. ती येऊन मिळाली आणि २ डिसेंबरला दोन्ही नौका सिंगापूरला दाखल झाल्या. ‘प्रिन्स ऑफ वेल्स’चे नाव मुद्दाम जाहीर केले गेले, कारण धाक बसायचा तर ती आली आहे हे जपानला कळायला हवे.

तारखा शेजारी ठेवल्या की या निर्णयाची किंमत समजते. पर्ल हार्बरकडे जाणारा जपानी ताफा २६ नोव्हेंबरलाच निघाला होता. टोकियोत सम्राटासमोरच्या बैठकीत युद्धाचा निर्णय १ डिसेंबरला झाला होता. नौका पोहोचल्या त्याच्या दुसऱ्या दिवशी. जपानने त्यांची बातमी ऐकून एकच गोष्ट केली : पाणतीर टाकणाऱ्या कानोया गटाच्या विमानांचा एक भाग इंडोचायनात हलवला. याच विमानांनी पुढे ‘रिपल्स’ बुडवली.

८ डिसेंबर : निघायचे की नाही

८ तारखेच्या पहाटे मलायातल्या कोटा भारू आणि थायलंडमधल्या सिंगोरा, पटनी इथे जपानी सैन्य उतरू लागले. सिंगापूरवर बॉम्ब पडले. दुपारी फिलिप्स यांनी आपल्या अधिकाऱ्यांची बैठक घेतली.

समोर तीन वाटा होत्या. बंदरात थांबणे म्हणजे विमानांसाठी नांगरलेले लक्ष्य होणे. ऑस्ट्रेलिया किंवा सिलोनकडे निघून जाणे म्हणजे भूदल लढत असताना आरमाराने पाठ फिरवणे. तिसरी वाट म्हणजे उत्तरेला जाऊन सैन्य उतरवणाऱ्या जहाजांवर पहाटे अचानक तुटून पडणे आणि परतणे. तिसरी वाट निवडली गेली, आणि बैठकीत कोणी विरोध केला नाही. त्या क्षणी मीही बहुधा तेच निवडले असते. वेळेवर आणि गुपचूप पोहोचल्या असत्या तर या दोन नौकांनी वाहतुकीच्या जहाजांची धूळधाण केली असती.

पण फिलिप्स यांनी स्वतःच यशाच्या अटी सांगितल्या होत्या : पुढे टेहळणीची विमाने, सिंगोरावर पहाटे लढाऊ विमानांचे छत्र, आणि शत्रूला पत्ता न लागणे. संध्याकाळी साडेपाचनंतर दोन्ही नौका चार विनाशिकांसह निघाल्या, तेव्हा यातली एकही अट पक्की नव्हती. ‘प्रिन्स ऑफ वेल्स’ची विमानांचा मागोवा घेणारी काही रडारयंत्रे उष्ण दमट हवेत बिघडलेली होती आणि दुरुस्तीला वेळ उरला नव्हता.

समुद्रावरचे निर्णय

लढाऊ विमानांच्या छत्राची अट निघता निघताच मोडली. सिंगापूरला मागे राहिलेले त्यांचे प्रमुख सहकारी रिअर ॲडमिरल पॅलिसर यांचा संदेश आला : १० तारखेला लढाऊ विमानांचे संरक्षण मिळणार नाही. उत्तरेकडचे विमानतळ हातातून जात होते. फिलिप्स पुढे गेले. ९ तारखेला दिवसभर ढग आणि पावसाची झोड होती, आणि लपून जाता येईल ही आशा त्यामुळे टिकून राहिली.

शत्रूला पत्ता न लागण्याची अट त्या दुपारी मोडली, पण त्यांना ते कळले नाही. एका जपानी पाणबुडीने ताफा पाहिला होता. संध्याकाळी ढग फाटले आणि टेहळणीची जपानी विमाने नौकांवरूनच दिसली. आता शंकेला जागा नव्हती. रात्री सव्वाआठला फिलिप्स यांनी मोहीम रद्द करून दक्षिणेकडे तोंड वळवले. या संपूर्ण प्रकरणातला हा सर्वात अवघड आणि सर्वात योग्य निर्णय होता. इतक्या दूर येऊन, शत्रू समोर असताना परत फिरण्याला धैर्य लागते, आणि फिलिप्स यांची आठवण काढताना हा निर्णय विसरला जातो याचे मला वाईट वाटते.

इथे ताफा सरळ सिंगापूरला परतला असता तर बहुधा वाचला असता. मध्यरात्रीच्या सुमारास पॅलिसर यांचा दुसरा संदेश आला : कुआंतानला शत्रू उतरत असल्याची खबर. कुआंतान परतीच्या वाटेजवळ होते आणि तिथून मलायाचा मधला भाग कापला जाण्याचा धोका होता. फिलिप्स तिकडे वळले. ही खबर खोटी निघाली.

वळण्यापेक्षाही मोठी गोष्ट म्हणजे त्यांनी सिंगापूरला काही कळवले नाही. बिनतारी संदेश पाठवला तर शत्रूला ठिकाण कळेल, हे त्यांचे कारण. बहुधा त्यांना वाटले असावे की कुआंतानची खबर पॅलिसर यांनीच दिली आहे, तेव्हा आपण तिथे जाणार हे ते ओळखतील आणि विमानांची सोय करतील. पॅलिसर यांनी तसे ओळखले नाही. एकाने गृहीत धरले, दुसऱ्याला ते कळण्याचा काही मार्ग नव्हता. सिंगापूरच्या सेंबावांग विमानतळावर ऑस्ट्रेलियन हवाई दलाची ४५३ वी तुकडी आपली बफेलो विमाने घेऊन ताफ्याच्या रक्षणासाठीच ठेवलेली होती. ताफा कुठे आहे, हे तिला कोणी सांगितले नाही.

१० तारखेला सकाळी कुआंतानला काहीच सापडले नाही. तिथूनही लगेच न परतता वाटेत दिसलेल्या काही लहान बोटींचा तपास करायला नौका वळल्या. दहाच्या सुमारास, इंधनासाठी आधीच परत पाठवलेल्या ‘टेनेडॉस’ या विनाशिकेवर बॉम्ब पडत असल्याचा संदेश आला. सव्वादहाला एक जपानी टेहळणी विमान डोक्यावर आले. आता गुप्ततेचे कारण पूर्णपणे संपले होते. तरीही सिंगापूरला संदेश गेला नाही.

परिणाम

पहिला हल्ला ११ वाजून १३ मिनिटांनी झाला, उंचावरून, ‘रिपल्स’वर. एक बॉम्ब लागला. त्यानंतर पाणतीर टाकणारी विमाने आली. जपानी तळ सुमारे ४०० सागरी मैल दूर होते आणि इतक्या लांबून पाणतीर घेऊन विमाने येतील, अशी ब्रिटिशांची अपेक्षा नव्हती. ती आली, आणि कोणत्याही लढाऊ विमानाच्या सोबतीशिवाय आली.

‘प्रिन्स ऑफ वेल्स’चा घात एका पाणतीराने केला. तो मागच्या बाजूला, डाव्या बाहेरच्या पंख्याच्या (प्रोपेलरच्या) दांड्याजवळ लागला. वाकडा झालेला दांडा फिरतच राहिला आणि जहाजाच्या आतली पाणी अडवणारी बांधणी फाडत गेला. इंजिनघरात पाणी शिरले, जहाज साडेअकरा अंश कलले, वीजपुरवठ्याचा मोठा भाग गेला, सुकाणू ऐकेना. विजेवर चालणाऱ्या विमानविरोधी तोफा गरज होती त्याच वेळी बंद पडल्या. चिलखत सर्वात जाड जिथे होते तिथे हा घाव बसलाच नाही. बॅटलशिपची रचना मुख्यतः शत्रूच्या तोफगोळ्यांसाठी झालेली होती.

‘रिपल्स’चे कप्तान टेनंट यांनी जहाज विलक्षण कौशल्याने वळवत एकामागून एक पाणतीर चुकवले. निशाणनौकेने, म्हणजे फिलिप्स ज्यावर होते त्या ‘प्रिन्स ऑफ वेल्स’ने, मदत मागितलेली नाही हे लक्षात आल्यावर ११ वाजून ५८ मिनिटांनी त्यांनी स्वतःहून सिंगापूरला संदेश पाठवला. मग कानोया गटाची विमाने दोन्ही बाजूंनी आली आणि चुकवायला जागा उरली नाही. १२:३३ ला ‘रिपल्स’ बुडाली, ५१३ माणसे घेऊन. दुपारी १:२० च्या सुमारास ‘प्रिन्स ऑफ वेल्स’ उलटली. तिच्यावरची ३२७ माणसे गेली, त्यात फिलिप्स आणि कप्तान लीच होते. बफेलो विमाने पोहोचली ती याच सुमारास. विनाशिकांनी दोन हजारांहून अधिक माणसे पाण्यातून काढली, आणि जपानी विमानांनी त्या कामात अडथळा आणला नाही. हल्ल्यातली जपानी विमाने पडली ती तीन-चार.

लंडनमध्ये आदल्या रात्री एक बैठक झाली होती. चर्चिल आणि आरमाराचे अधिकारी या नौकांचे पुढे काय करायचे यावर बोलले. असंख्य बेटांमध्ये त्यांनी दिसेनासे व्हावे, किंवा पॅसिफिक ओलांडून अमेरिकी ताफ्याला जाऊन मिळावे, असे विचार निघाले. उशीर झाला होता, म्हणून निर्णय सकाळवर ठेवला गेला. लंडनच्या त्या रात्री मलायात १० तारखेची पहाट होत आली होती. सकाळी पाउंड यांचा फोन आला तो नौका बुडाल्याचे सांगायला. सिंगापूर १५ फेब्रुवारी १९४२ ला पडले.

वेगळे काय करता आले असते

फिलिप्स यांच्यावर सगळा दोष टाकणे सोपे आहे, कारण ते उत्तर द्यायला उरले नाहीत. पण धाक फसला की या नौका मागे घ्यायच्या, हे लंडनने ऑक्टोबरमध्येच लिहून द्यायला हवे होते. दाखवण्यासाठी ठेवलेले बळ आणि लढण्यासाठी ठेवलेले बळ यांची मांडणी वेगळी असते. केप टाउनचा थांबा याच फेरविचारासाठी ठेवला होता. तो ठरलेल्या तारखेला, ठरलेल्या माणसांसमोर, ‘इंडोमिटेबल’ नाही आणि स्मट्स यांचा इशारा आहे, हे धरून व्हायला हवा होता.

समुद्रावरचा एकच निर्णय बदलायचा असेल तर मी संदेशाचा बदलेन. हिशेब सरळ आहे. टेहळणी विमान दिसले सव्वादहाला. टेनंट यांचा संदेश गेल्यापासून लढाऊ विमाने पोहोचेपर्यंत सुमारे ८० मिनिटे लागली. सव्वादहालाच संदेश गेला असता तर ती साडेअकराच्या आसपास, म्हणजे ‘प्रिन्स ऑफ वेल्स’ला पहिला पाणतीर लागण्याच्या थोडे आधी पोहोचली असती. कुआंतानकडे वळतानाच कळवले असते तर पहाटेपासून डोक्यावर फिरली असती. बफेलो हे फार चांगले विमान नव्हते. पण समोरची बॉम्बफेकी विमाने जड होती, एकटी होती, आणि पाणतीर सोडताना त्यांना खाली, सरळ रेषेत उडावे लागत होते. सगळी थांबवता आली नसती, तरी त्यांचा नेम बिघडवता आला असता. दहा-बारा विमानांनी दोन्ही नौका वाचल्याच असत्या, असे मात्र मी म्हणणार नाही.

पॅलिसर यांच्या बाजूनेही एक गोष्ट राहिली. त्यांनी खबर दिली, पण ती कितपत खात्रीची आहे हे सांगितले नाही आणि ‘तुम्ही वळलात असे धरून विमाने पाठवतो’ असा एक ओळीचा संदेशही पाठवला नाही. फिलिप्स यांना गप्प राहायचे होते, सिंगापूरला तसे बंधन नव्हते.

त्यानंतर

बॅटलशिप लगेच नाहीशा झाल्या नाहीत. डिसेंबर १९४३ मध्ये ‘ड्यूक ऑफ यॉर्क’ने जर्मन ‘शार्नहोर्स्ट’ला गाठले, १९४४ मध्ये ‘वॉरस्पाइट’च्या तोफा नॉर्मंडीच्या किनाऱ्यावर चालल्या. पण ताफ्याचा कणा विमानवाहू नौका झाल्या. ब्रिटनची शेवटची बॅटलशिप ‘व्हॅनगार्ड’ युद्ध संपल्यावर १९४६ मध्ये सेवेत आली, पहिल्या महायुद्धाच्या काळातल्या तोफा बसवून, आणि १९६० मध्ये मोडीत निघाली.

फोर्स झेडचा धडा सर्वात आधी वापरला तो ॲडमिरल सॉमरव्हिल यांनी. एप्रिल १९४२ मध्ये जपानी ॲडमिरल नागुमो यांच्या विमानवाहू नौका सिलोनवर आल्या, तेव्हा सॉमरव्हिल यांच्याकडे पाच बॅटलशिप होत्या, त्यातल्या चार जुन्या आणि संथ. त्यांनी दिवसा जपानी विमानांच्या टप्प्याबाहेर राहण्याचा प्रयत्न केला. त्यांचेही नुकसान झाले : ‘कॉर्नवॉल’ आणि ‘डॉर्सेटशायर’ या क्रूझर, विमानवाहू ‘हर्मिस’, आणि कुआंतानला माणसे वाचवणारी ऑस्ट्रेलियन विनाशिका ‘व्हॅम्पायर’. पण आपला ताफा कोणत्या कामाला पुरतो आणि कोणत्या नाही, हे त्यांनी लढाईआधी ठरवले आणि लंडनला स्पष्ट कळवले. संथ बॅटलशिप त्यांनी पूर्व आफ्रिकेला पाठवल्या आणि वेगवान नौका घेऊन ते मुंबईला आले. या ताफ्यातल्या ‘रॅमिलीज’ आणि ‘इंडोमिटेबल’ पुढच्याच महिन्यात मादागास्करवरच्या मोहिमेत होत्या.